सुइमेनकुल चोकमोरोव : चेहरा आपला, कथा कुणाची?

मध्य आशियातील मुसलमान माणूस सोव्हिएत सिनेमात बहुधा दोनच रूपांत येतो. एक, क्रांतीला विरोध करणारा बासमाची बंडखोर आणि दुसरा, क्रांतीने शहाणा झालेला लाल शिपाई. या दोन साच्यांबाहेरचा, रोजच्या जगण्यातला माणूस पडद्यावर कधी आला का? किरगीझ अभिनेते सुइमेनकुल चोकमोरोव (१९३९-१९९२) यांच्या कारकिर्दीकडे आम्ही या प्रश्नाच्या अंगाने पाहतो.

चोकमोरोव मुळात नट नव्हते. ते चित्रकार. जन्म चोन-ताश या खेड्यातला, शिक्षण लेनिनग्राडच्या रेपिन कला संस्थेत. पुढे फ्रुंझे (आजचे बिश्केक) येथे ते चित्रकला शिकवीत होते. दिग्दर्शक बोलोत शमशियेव यांनी १९६८ साली 'कराश खिंडीतील गोळी' या चित्रपटात त्यांना नायक केले. कथा कझाक लेखक मुख्तार औएझोव यांची. नायक बाख्तीगुल गरीब आहे. एक धनिक त्याच्या भावाचा बळी घेतो. दुसरा धनिक त्याला आसरा देतो, वापरून घेतो आणि अडचणीच्या वेळी वाऱ्यावर सोडतो. ही भूमिका चोकमोरोव शब्दांपेक्षा स्तब्धतेवर पेलतात. अन्याय सोसणारा माणूस बंदूक का उचलतो, हे कोणत्याही घोषणेविना समजते.

पुढच्याच वर्षी चिंगीझ ऐतमातोव यांच्या 'जमीला'वरील चित्रपटात ते दानियार झाले. युद्धात जखमी होऊन परतलेला, लंगडणारा, अबोल, पण गाऊ लागला की सारे माळरान जागे करणारा हा तरुण. गावच्या रीतीविरुद्ध त्याच्याबरोबर निघून जाणाऱ्या जमीलेचा निर्णय पटायचा, तर दानियारवर आपला आधी विश्वास बसायला हवा. तो बसतो.

आता याच्या शेजारी १९७२ सालचा 'सातवी गोळी' ठेवून पाहावा. दिग्दर्शक अली खामरायेव हे उझबेक, तर पटकथा गोरेनश्टाइन आणि कोंचालोव्स्की यांची. चोकमोरोव येथे लाल तुकडीचे नायक मक्सुमोव आहेत. आपली माणसे शत्रूला मिळाल्यावर त्यांना परत वळवण्यासाठी ते स्वतःहून कैद पत्करतात. चित्रपट वेगवान आहे, अभिनय रुबाबदार आहे. पण समोरचे लोक बंडात का उतरले, याविषयी चित्रपट गप्प आहे. फेब्रुवारी १९१८ मध्ये कोकंदची स्वायत्त सत्ता रक्तात बुडवली गेली, ही आठवण त्यात कुठेच नाही. अभिनेता तोच, चेहरा तोच. कथा मात्र विजेत्यांची. त्यामुळे बाख्तीगुलच्या मौनात जे दुःख होते, ते मक्सुमोवच्या मौनात नुसते शौर्य होऊन राहते.

कुरोसावांच्या 'देर्सू उझाला'मध्येही (१९७५) त्यांची छोटी भूमिका आहे. १९८१ साली त्यांना 'सोव्हिएत संघाचे लोककलावंत' हा सर्वोच्च किताब मिळाला. राज्याने दिलेला हा मान खोटा नव्हता. पण त्याच राज्याची दुसरी बाजू त्यांच्या जन्मगावच्या मातीत दडलेली होती. १९३८ साली गोळ्या घातलेल्या शंभराहून अधिक माणसांचे अवशेष १९९१ मध्ये चोन-ताशजवळ एका जुन्या वीटभट्टीत सापडले. त्यांत ऐतमातोव यांचे वडील तोरेकुल होते. ज्या लेखकाच्या दानियारला चोकमोरोव यांनी देह दिला, त्याचे वडील चोकमोरोव यांच्याच गावाशेजारी त्रेपन्न वर्षे निनावी पडून होते. हे उघड झाल्यावर जेमतेम वर्षभरात चोकमोरोवही गेले. वय अवघे बावन्न.

आम्हांला या कारकिर्दीतून एक गोष्ट स्पष्ट दिसते. पडद्यावर आपल्यासारखा चेहरा दिसला म्हणजे आपण दिसलो असे होत नाही. औएझोव स्वतः तुरुंगात राहून आलेले, ऐतमातोव पित्याला मुकलेले. दोघांनीही राज्याच्या चौकटीत राहूनच लिहिले, पण आपली माणसे आतून ओळखून लिहिले. म्हणूनच चोकमोरोव यांना बाख्तीगुल आणि दानियार मिळाले. हिंदी-मराठी पडद्यावरील मुसलमान पात्रांविषयी आपण वारंवार तक्रार करतो, आणि ती रास्तच आहे. पण त्या पात्रांमागे उभी राहील अशी कथा आधी आपल्यापैकी कुणीतरी लिहिलेली असावी लागते. ते काम नटाचे नाही. ते आमचे, लिहिणाऱ्यांचे आहे.