सामरीचा चेहरा

'पुराना मंदिर' मी पहिल्यांदा पाहिला तो वाईजवळच्या बावधनला, बगाडाच्या यात्रेत आलेल्या तंबूत, जमिनीवर बसून. तुलसी आणि श्याम रामसे यांचा हा चित्रपट १९८४ चा. पडद्यावर सामरी आला की बाया पोरांचे डोळे झाकीत. मी झाकू दिले नाहीत. लांब जबडा, खोल गेलेले डोळे, दारात न मावणारी उंची. भीतीचे निम्मे काम त्या माणसाच्या हाडांनीच केले होते.

त्या माणसाचे नाव अनिरुद्ध अगरवाल. रुरकीला शिकून स्थापत्य अभियंता झालेले. मुंबईच्या चित्रपटधंद्याने त्यांची पदवी पाहिली नाही, अभिनयही फारसा तपासला नाही. चेहरा पाहिला आणि सामरी दिला. १९८५ चा 'सामरी' आला, तो त्रिमिती. १९९० च्या 'बंद दरवाजा'मध्ये ते रक्तपिपासू नेवला झाले. प्रस्थापित समीक्षेने रामसेंचा माल स्वस्त म्हणून हसण्यावारी नेला, त्यामुळे त्यातल्या या नटाविषयी कुणी गंभीरपणे लिहावे असे कुणाला वाटले नाही.

मला वाटते, त्याला घरचे कारण आहे. आमचे कृष्णाकाठचे घाट पडद्यावर बहुधा दुसऱ्याच मुलखाचे होतात. 'गंगाजल'मध्ये (२००३) वाई बिहार झाली, 'स्वदेस'मध्ये (२००४) मेणवली उत्तर प्रदेश झाली. अशाच एका युनिटला (कोणत्या ते सांगत नाही) गर्दीसाठी माणसे हवी होती. माझा धाकटा भाऊ डिप्लोमा करून घरी बसलेला. तोही रांगेत उभा राहिला. निवडणारा गृहस्थ चांगला हसतमुख होता. गोऱ्या पोरांच्या गळ्यात जानवी पडली, त्यांना पायरीवर संध्येला बसवले. भावाच्या तोंडाला राख फासून त्याला चितेशी उभे केले. आडनाव कुणी विचारले नव्हते. रोज दोघांनाही सारखाच मिळाला, हेही सांगायला हवे. रात्री भाऊ एवढेच म्हणाला, "दादा, त्याला आपली जात कशी कळली?" कानामागची राख दोन आंघोळींनीही गेली नव्हती.

अगरवालांची आणि भावाची दुःखे एक आहेत असे मी म्हणणार नाही. अगरवाल या आडनावाला कुठल्याही गावाची वेस बंद नव्हती. त्यांचा चेहरा त्यांच्या एकट्याचा होता. भावाच्या चेहऱ्यात त्या गृहस्थाला एक अख्खी वस्ती दिसली. पण रीत तीच. देह पाहून काम ठरवायचे आणि मग ते काम त्या देहाचा स्वभावच आहे असे पटवून द्यायचे. ही रीत सिनेमाने शोधलेली नाही.

आता 'पुराना मंदिर'ची गोष्ट पाहा. दोनशे वर्षांपूर्वी राजा सामरीचे मुंडके धडावेगळे करवतो, दोन्ही वेगवेगळ्या ठिकाणी बंदिस्त करतो. मरताना सामरी शाप देतो की या घराण्यातल्या बाया बाळंतपणात मरतील. भांडण दोन पुरुषांचे, मरण बाईचे! ठाकूर आपल्या मुलीचे प्रेम मोडू पाहतो तेही या शापाच्या धाकाने. हवेलीत जे काही वाईट घडते त्याचे खापर एका बाहेरच्या, कुरूप देहावर फुटते. शेवटी सामरी जळतो. ठाकूरकी शाबूत राहते, आणि तंबूतले आम्ही सगळे टाळ्या वाजवतो. आमच्या लोकांनी वाड्याची भीती पिढ्यान् पिढ्या अनुभवली, पण ती वाड्याच्या मालकाची होती. तळघरातल्या भुताची नव्हे. भुतांचे तरी काय सांगावे, मुंजा व्हायलासुद्धा आधी मुंज व्हावी लागते.

१९९४ मध्ये शेखर कपूर यांच्या 'बँडिट क्वीन'मध्ये हेच अगरवाल बाबू गुज्जर झाले. फूलन मल्लाहाची, नाव वल्हवणाऱ्या जातीची पोर. टोळीचा म्होरक्या तिच्यावर बलात्कार करतो. इथे शाप नाही, त्रिशूळ नाही, मंदिरही नाही. मी खरा घाबरलो तो इथे, कारण या माणसाला राक्षस असण्याची गरजच उरलेली नाही. आपल्याला जाब विचारणारे कुणी नाही, एवढी खात्री त्याला पुरते. अगरवालांची सर्वांत मोठी भूमिका मी हीच मानतो. रामसेंनी त्यांच्याकडून भय दाखवून घेतले. इथे त्यांनी सत्ता दाखवली.

तरी एक हरकत राहतेच. बलात्कारी दाखवायचा म्हटल्यावर कपूर यांच्यासारख्या जाणत्या दिग्दर्शकाचा हातही सामरीच्याच चेहऱ्याकडे गेला. मात्र याच चित्रपटात ठाकूर श्रीराम झालेले गोविंद नामदेव आहेत, दिसायला अगदी चारचौघांसारखे. बेहमईतला अत्याचार त्या साध्या चेहऱ्याचा आहे, म्हणून तो भाग मला अधिक खरा वाटतो. स्वतः फूलनदेवी या चित्रपटाविरुद्ध न्यायालयात गेल्या होत्या. त्यांच्या देहावरचा अत्याचार पडद्यावर मांडताना त्यांना विचारले गेले नाही, हे अगरवालांच्या नव्हे, दिग्दर्शकाच्या नावे लिहून ठेवले पाहिजे.