मुजद्दिदाची वाट पाहणारे भोपाळ

धर्म काळाच्या ओघात जुना होतो आणि ठराविक काळाने कोणीतरी येऊन तो नवा करतो, ही कल्पना आपल्याला परकी वाटण्याचे कारण नाही. महिपतीबुवांच्या संतचरित्रांत उद्धवाचा नामदेव होतो आणि नामदेवच पुढे तुकाराम होऊन येतो, कारण शतकोटी अभंगांचा संकल्प अपुरा राहिलेला असतो. इस्लाममध्ये असे नवे करणाऱ्याला ‘मुजद्दिद’ म्हणतात आणि त्याच्या कामाला ‘तजदीद’. मराठीत ‘जीर्णोद्धार’ हा शब्द त्याच्या बराच जवळ जातो. फरक एवढाच, की आपल्या अवतारांना तारीख नसते. मुजद्दिद मात्र, हदीसप्रमाणे, दर शतकाच्या मुखाशी यायचा असतो.

तारीख ठरली की माणसे दिवस मोजू लागतात, आणि सरकारही मोजू लागते. हिजरी १३०१ हे साल १८८३ च्या नोव्हेंबरात लागले. चौदावे शतक उजाडले तेव्हा ज्यांना अनुयायी मुजद्दिद मानत, ते सिद्दीक हसन खान भोपाळच्या राजवाड्यात होते. ते कनौजकडच्या विद्वान पण गरीब घराण्यातले. अरबी, फारसी आणि उर्दूत विपुल लिहिणारे. शाहजहान बेगम या राज्यकर्त्या विधवेशी १८७१ मध्ये त्यांचा निकाह झाला होता.

या निकाहापाशी मराठी वाचकाने जरा थांबावे. १८७० साली पुण्यात शंकराचार्यांसमोर विधवाविवाहावर वाद झाला आणि निकाल विष्णुशास्त्री पंडितांच्या पक्षाविरुद्ध गेला. पुढच्याच वर्षी भोपाळची गादीवर बसलेली विधवा पुनर्विवाह करते, आणि तोही धर्म मोडून नव्हे, तर मूळ धर्माकडे परतण्याच्या भूमिकेवरून. विधवेने पुन्हा लग्न न करणे ही हिंदुस्थानात चिकटलेली रूढी आहे, ती झटकली पाहिजे, असे हे सुधारक सांगत. पुण्याच्या सुधारकांनीही शास्त्राचाच आधार शोधला होता. पण त्यांच्या पाठीशी गादी नव्हती.

मात्र त्याच तजदीदीने दुसऱ्या हाताने काय नेले, तेही पाहावे. शाहजहान बेगमांच्या आई सिकंदर बेगम पडदा पाळत नसत, दरबार उघड्या चेहऱ्याने चालवीत. त्या हजला गेल्या आणि त्या प्रवासाचे वर्णनही त्यांनी लिहून ठेवले. लेक मात्र दुसऱ्या लग्नानंतर पडद्याआड गेली. मुळाकडे परत जाताना वाटेत काय उचलायचे आणि काय टाकायचे, हे ठरवणारा पुरुष असला की असे होते. माझे हे मत काहींना एकांगी वाटेल, पण या घराण्याची पुस्तके शेजारी शेजारी ठेवून वाचली की दुसरे मत होत नाही.

ही पुस्तके फार बोलकी आहेत. ‘ताज-उल-इक्बाल’ हा बेगमांनी लिहिलेला भोपाळचा इतिहास. त्यात कारभार आहे, वंशावळ आहे, दरबारी संयम आहे; बाई कुठे हाती लागत नाही. १८८१ पासून सुदानात महदीचे बंड पेटले होते. इंग्रजांना प्रत्येक मौलवीत महदी दिसू लागला. वहाबी असल्याचा आरोप खोडून काढण्यासाठी सिद्दीक हसन यांनी ‘तर्जुमान-ए-वहाबिया’ लिहिले. उपयोग झाला नाही. १८८५ च्या जानेवारीत खार्टूम पडले आणि त्याच वर्षी सर लेपेल ग्रिफिन यांच्या पुढाकाराने त्यांच्या पदव्या काढून घेण्यात आल्या. पुढे त्यांनी आत्मचरित्र लिहिले, ‘इब्का-उल-मिनन’. ईश्वराने केलेल्या उपकारांची मोजदाद असे त्याचे रूप आहे. पदच्युत माणसाने उपकार मोजत बसावे, यात एक करुण ताठा आहे.

सावत्र लेक सुलतान जहान बेगम यांनी आपल्या आत्मचरित्रात हाच माणूस रंगवला आहे, तो आई आणि मुलीत भिंत घालणारा म्हणून. त्या मायलेकी एका शहरात राहून वर्षानुवर्षे दुरावलेल्या होत्या. सुलतान जहान आईवर राग धरीत नाहीत. सगळे माप सावत्र वडिलांच्या पदरात टाकतात. समीक्षक म्हणून ही सोय मला खटकते. शाहजहान बेगम काही कोणाच्या हातातली बाहुली नव्हत्या. नवऱ्याच्या पदव्यांसाठी त्या इंग्रजांशी भांडत राहिल्या. पण लेकीच्या पुस्तकात त्या जणू मंत्र घातल्यासारख्या वावरतात.

तजदीदीचा समाजावर खरा ठसा कुठे उमटला हे पाहायचे तर १८८९ चे ‘तहजीब-उन-निस्वान’ उघडावे. बेगमांनी ते बायकांसाठी लिहिले, नवरा अपमानित होऊन घरी बसला असताना. गर्भारपण, बाळंतपण, आजार आणि औषधे, स्वयंपाक, कपडे रंगवणे, लग्नकार्यातले विधी, बाईचे धर्माने दिलेले हक्क, असा त्याचा पसारा आहे. शतकाच्या मुखाशी ज्याची वाट पाहिली तो धर्मोद्धार इथे माजघरात उतरला आहे. अरबीतले वाद विद्वानांपुरते राहिले असतील. पण मूल जन्मल्यावर कोणता विधी करावा, हे वाचता येणारी बाई शेजारणीला वाचून दाखवू शकते. सिद्दीक हसन १८९० मध्ये वारले आणि बेगम १९०१ मध्ये. त्यांनी सुरू केलेली ताज-उल-मसाजिद तेव्हा अर्धवट होती. तिचे काम १९७१ मध्ये पुन्हा हाती घेतले गेले.

उर्दू कानावर असलेल्या आपल्या दुभाषी घरांतून कोणीतरी हे ‘तहजीब-उन-निस्वान’ मराठीत आणावे. कपडे रंगवण्याच्या प्रकरणापासून सुरुवात केली तरी चालेल.