दगडातली ध्वनिफीत

नायजेल नील यांचे 'द स्टोन टेप' हे दूरचित्रनाट्य बीबीसीने १९७२ च्या नाताळात दाखवले. ध्वनिमुद्रणाचे नवे माध्यम शोधणाऱ्या संशोधकांना एका जुन्या वाड्यातील दगडी खोलीत मोलकरणीची किंकाळी ऐकू येते. भिंतीनेच तिचा मृत्यू टिपून ठेवला असावा, असा तर्क ते करतात. भुताला मंत्राऐवजी उपकरणांनी सामोरे जाण्याची ही कल्पना आम्हाला आवडली.

पण उपकरणांवर काहीच मुद्रित होत नाही आणि माणसांनाही ती सारखी ऐकू येत नाही. इथे संशोधकांनी स्वतःचा तर्क तपासायला हवा होता. ते मात्र मेंदूलाच वाचनयंत्र ठरवतात. मग हा तर्क खोटा ठरण्याची वाटच उरत नाही.

दगड नोंदी ठेवतात, हे खरेच आहे. लाव्हा थंड होताना त्यातील मॅग्नेटाइटसारखी खनिजे पृथ्वीच्या चुंबकीय क्षेत्राची दिशा धरून ठेवतात. आपल्या सह्याद्रीच्या बेसॉल्टमधील सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वीची अशी नोंद सांगते, की भारत तेव्हा विषुववृत्ताच्या दक्षिणेला होता. ती वाचायला चुंबकमापक लागतो, हळवे मन नव्हे. विद्यार्थ्यांना एवढेच विचारावे: नोंद उमटली कशी, आणि शंका घेणाऱ्यालाही ती वाचता येते का?