सांत्वन करणारा आणि सोबत राहणारा

अकिरा कुरोसावा यांच्या चित्रपटांची चर्चा निघाली की तोशिरो मिफुने यांचे नाव प्रथम ओठांवर येते. बोकुझेन हिदारी (१८९४–१९७१) हे नाव मात्र क्वचितच कुणाला आठवते. ऐन उमेदीची वर्षे रंगभूमीवर घालवलेल्या या नटाचा पडद्यावर ठसा उमटला तो साठीच्या सुमारास, आणि तोही दुय्यम भूमिकांतून. तरीही त्यांच्या दोन भूमिका शेजारी ठेवून पाहाव्यात, इतक्या त्या अर्थपूर्ण आहेत.

‘सेव्हन सामुराय’मधील (१९५४) योहेई हा भित्रा, रडवेल्या चेहऱ्याचा शेतकरी. सामुरायांसाठी राखलेला तांदूळ चोरीस जातो, तेव्हा सांडलेले दाणे तो एकेक करून वेचतो. हिदारी तेथे हुंदका देत नाहीत. त्यांची बोटेच सारे दैन्य बोलून जातात. पुढे दरोडेखोरांशी झुंज पेटते. सोबतीचा वीर मोर्चा सोडून जातो. थरथरणारा योहेई मात्र मागे राहतो आणि तेथेच प्राण गमावतो.

गॉर्कीच्या १९०२ मधील नाटकावर आधारलेल्या ‘द लोअर डेप्थ्स’मध्ये (१९५७) हिदारी काहेई नावाचे वृद्ध यात्रेकरू झाले आहेत. दरिद्री माणसांच्या त्या कोंदट खोलीत तेच काय ते गोड बोलतात. मरणासन्न स्त्रीला ते परलोकीच्या विसाव्याची आशा देतात. दारूने खंगलेल्या नटाला व्यसन सोडवणाऱ्या मंदिराची वाट दाखवतात. परंतु खून होऊन गोंधळ माजताच ते नाहीसे होतात. शेवटी तो नट गळफास घेतो.

काहेई ढोंगी आहेत काय? हिदारी याचे उत्तर देत नाहीत, आणि हेच त्यांच्या अभिनयाचे सामर्थ्य होय. त्यांच्या हसण्यात खरी करुणा आहे. त्याच हसण्याच्या कडेला पळवाट शोधणारी सावध नजरही आहे. काहेईंना सरळ लबाड ठरवणारे समीक्षक या करुणेवर अन्याय करतात, आणि त्यांना संत मानणारे त्या नजरेकडे डोळेझाक करतात.

सांत्वन करणे हे आम्हा धर्मगुरूंचे नित्याचे कर्तव्य. म्हणून ही भूमिका आम्हाला अस्वस्थ करते. काहेईंनी परलोकाची आशा दिली, यात दोष नाही. ती आशा आपणही देतो. दोष आहे तो आशा जागवून निघून जाण्यात. लांडगा येताच पळणारा मोलकरी आणि मेंढरांसाठी प्राण देणारा उत्तम मेंढपाळ यांतील भेद योहानाच्या शुभवर्तमानात प्रभूने सांगितला आहे. ईयोबाचे मित्रही सात दिवस त्याच्याजवळ मुक्याने बसले, तोवरच खरे सांत्वक होते.

योहेईजवळ शब्द नव्हते, धैर्यही नव्हते. पण तो राहिला. काहेईंजवळ सुंदर शब्द होते. पण ते गेले. एकाच नटाने हे दोन्ही चेहरे आपल्यासमोर ठेवले आहेत. आजाऱ्याच्या उशाशी बसताना यांपैकी आपला चेहरा कोणता, हे प्रत्येकाने स्वतःलाच विचारावे.