भुताची फिर्याद

भूतपट म्हटला की आपली समीक्षा नाक मुरडते. परंतु कोण मेल्यावर भूत होते आणि त्या भुताला कोण भिते, हा प्रश्न समाजव्यवस्थेचाच आहे. इंडोनेशियाचे भूतपट पाहताना तो टाळता येत नाही.

जावा बेटावरील लोकसमजुतीत ‘सुंदेल बोलोंग’ नावाचे भूत आहे. सुंदेल म्हणजे वेश्या, बोलोंग म्हणजे भोक पडलेली. समोरून देखणी, पाठीला मोठे भोक आणि ते झाकणारे लांब केस. ‘कुंतीलानाक’ ही गरोदरपणी किंवा बाळंतपणात मेलेली बाई. (आपली हडळ हिचीच बहीण, तिचीही पाठ पोकळ असल्याचे सांगतात.) जिच्या मरणाची जबाबदारी कोणी घेतली नाही, तिचे भूत झाले. लोकांनी तिला न्याय दिला नाही. पण विसरूही शकले नाहीत.

सिस्वोरो गौतमा पुत्रा यांच्या ‘सुंदेल बोलोंग’ (1981) या चित्रपटात सुझान्ना या अभिनेत्रीने ही बाई उभी केली. पूर्वी वेश्या असलेली आलिसा लग्न करून संसाराला लागते. जुन्या धंद्यातली माणसे तिला सोडत नाहीत. सामूहिक बलात्कार होतो, न्यायालयात न्याय मिळत नाही, आणि गरोदर आलिसा आत्महत्या करते. मग भूत होऊन ती एकेकाचा हिशेब चुकता करते. मध्येच ती सातेवाल्याकडे दोनशे काड्या मांस मागते! लोक हसतात. मला मात्र त्या भुकेचे हसू आले नाही.

त्या काळच्या भूतपटांत शेवटी बहुधा कियाई, म्हणजे मुसलमान धर्मगुरू, येतो आणि प्रार्थनेच्या बळावर भुताला शांत करतो. ही सुहार्तोची राजवट होती. बाईची फिर्याद तासभर ऐकायची. निकाल मात्र धर्म आणि व्यवस्थेच्या बाजूने द्यायचा.

त्याच राजवटीने जिवंत बायकांचीही भुते केली. 1965 मध्ये सेनाधिकाऱ्यांच्या हत्येनंतर ‘गेरवानी’ या डाव्या स्त्री-संघटनेच्या बायकांनी नग्न नाचत त्यांची विटंबना केली, असा प्रचार लष्कराने केला. शवविच्छेदनाच्या अहवालांनी तो खोटा ठरतो. पुढच्या कत्तलीत किमान पाच लाख माणसे मारली गेली, असा बहुतेक अभ्यासकांचा अंदाज आहे. 1984 मध्ये सरकारनेच या हत्याकांडावर भयपटाच्या धर्तीचा चित्रपट काढला आणि 1998 मध्ये सुहार्तो जाईपर्यंत तो दरवर्षी दूरदर्शनवर दाखवला. शाळकरी मुलांनाही तो पाहायला लावला. माझ्या मते इंडोनेशियाचा सर्वांत भयानक भूतपट हाच.

2018 साली ‘सुझान्ना: बर्नापास दालाम कुबुर’ आला. जुन्या चित्रपटांना वाहिलेली आदरांजली म्हणून तो तीस लाखांहून अधिक लोकांनी पाहिला. छायाचित्रण सुरेख, लुना मायाचा अभिनयही चांगला. पण कथा बघा. सुंदेल बोलोंग आता कारखानदाराची गरोदर पत्नी आहे. तिला जिवंत पुरणारे तिच्या नवऱ्याच्याच कारखान्यातले कामगार. त्यांच्यातल्या एकाला पगारवाढ नाकारली गेली, तिथून चोरीचा बेत सुरू होतो. त्यांचा गुन्हा क्रूर आहे, यात वाद नाही. पण वेश्येची पोकळ पाठ मालकिणीला दिली गेली, आणि प्रेक्षकाने सुटकेचा श्वास सोडायचा तो आता कामगारांच्या मरणावर.