प्रतीक्षेची छायाचित्रे : ॲलन सेकुला यांची एक कृती

वृत्तछायाचित्राचे सामर्थ्य एखाद्या निर्णायक क्षणात साठवलेले असते, असे सामान्यतः मानले जाते. अमेरिकन छायाचित्रकार व समीक्षक ॲलन सेकुला (१९५१–२०१३) यांनी ‘वेटिंग फॉर टिअर गॅस’ (१९९९–२०००) या कृतीत हा संकेत बुद्धिपुरःसर नाकारला. ३० नोव्हेंबर १९९९ पासून सिॲटल येथे जागतिक व्यापार संघटनेची मंत्रिस्तरीय परिषद भरली, तेव्हा हजारो निदर्शक रस्त्यांवर उतरले. त्यांच्यात वावरताना सेकुला यांनी फ्लॅश, दूरचे टिपणारे भिंग, वायूपासून रक्षण करणारा मुखवटा आणि पत्रकाराचे ओळखपत्र ही सर्व वर्ज्य केली. त्यातून सिद्ध झालेल्या ८१ पारदर्शिका पडद्यावर क्रमाने दाखविल्या जातात.

या त्यागाचे महत्त्व केवळ तांत्रिक नाही. ओळखपत्राचे संरक्षण नसल्यामुळे छायाचित्रकार आणि निदर्शक यांचा धोका बव्हंशी समान झाला, व दृष्टी समुदायाच्या आतून आली. चकमकीपेक्षा तिच्या आधीची व नंतरची वाट पाहणारी, थकलेली माणसे हा या मालिकेचा खरा विषय होय.

येथे एक आक्षेप संभवतो. जमाव कशाची वाट पाहत आहे हे चित्र दाखविते. तो कशाविरुद्ध उभा आहे हे त्याला पुरतेपणी दाखविता येत नाही. व्यापाराचा करार रस्त्यावर दिसत नसतो. त्याचा परिणाम जाणवतो तो बुलढाणा जिल्ह्यातील धामणगाव बढे यासारख्या कापसाच्या मुलखात. २००३ च्या कान्कुन परिषदेत बेनिन, बुर्किना फासो, चाड व माली या देशांनी श्रीमंत राष्ट्रांच्या कापूस-अनुदानांविरुद्ध गाऱ्हाणे मांडले. अनुदानामुळे भाव पडतात, हे त्यांचे म्हणणे वऱ्हाडच्या शेतकऱ्यासही परके नाही. तथापि उपायाविषयी भारतीय शेतकरी एकमुखी नव्हते. कर्नाटकात नंजुंडस्वामी यांच्या रयत संघाने या व्यापारव्यवस्थेस विरोध केला, तर शरद जोशी यांच्या शेतकरी संघटनेने खुल्या बाजाराचा पुरस्कार केला.

हा मतभेद ध्यानी घेतला म्हणजे सेकुला यांच्या संयमाचे मोल पटते. एका उगारलेल्या मुठीला ते सर्वांचे प्रतीक करीत नाहीत; प्रत्येक चेहरा स्वतःपुरतेच बोलतो. मात्र ज्यांच्या हिताचा हा वाद आहे, तो कापूस पिकविणारा या चौकटीबाहेरच राहतो. बाजारात आपली गाडी काट्यावर चढण्याची वाट पाहणे, हीही एक प्रतीक्षाच आहे. तिचे चित्रण याच धीराने झाल्यावाचून सिॲटलच्या चित्रांचा अर्थ पूर्ण होणार नाही.