‘मी कोण?’ : मेहेरबाबांच्या विचारातील दुभंगलेला ‘मी’

नगरहून दौंडकडे निघाले की काही मैलांवर अरणगाव लागते. तेथील मेहेराबादच्या टेकडीवर मेहेरबाबांची समाधी आहे. समाधीवर इतर धर्मांच्या चिन्हांबरोबर क्रूसही असल्यामुळे आमच्या धर्मग्रामांतील माणसे ‘बाबांचे सांगणे आपल्यासारखेच’ असे सहज बोलून जातात. ते तसे आहे काय, हे चिन्हावरून नव्हे, ग्रंथांवरून ठरवावयाचे असते.

मेरवान शेरियार इराणी यांचा जन्म १८९४ साली पुण्यात एका जरथुष्ट्री कुटुंबात झाला. येशूसंघीयांच्या सेंट व्हिन्सेंट शाळेत व पुढे डेक्कन कॉलेजात ते शिकले. १० जुलै १९२५ रोजी त्यांनी मौन धरले, ते ३१ जानेवारी १९६९ रोजी देह ठेवीपर्यंत सोडले नाही. अक्षरफलकावर बोट फिरवून त्यांनी आपले विचार सांगितले. त्यांतील दोन इंग्रजी ग्रंथ आमच्यासमोर आहेत : ‘डिस्कोर्सेस’ आणि १९५५ साली न्यूयॉर्कला प्रसिद्ध झालेला ‘गॉड स्पीक्स’. ते स्वतःला अवतार म्हणवीत व प्रभू येशूस पूर्वीच्या अवतारांत गणत. हे आमच्या श्रद्धेला मान्य होणारे नाही, एवढे सांगून आम्ही ग्रंथांकडे वळतो.

‘गॉड स्पीक्स’ची कल्पना भव्य आहे. आरंभी परमात्मा निद्रिस्त आहे, त्याला स्वतःचीही जाणीव नाही. त्याच्या ठायी ‘मी कोण?’ अशी एक लहर उठते आणि तिच्यातून सारी सृष्टी उलगडते. उत्तर शोधताना तो ‘मी दगड’, ‘मी वनस्पती’, ‘मी पक्षी’ असे म्हणत अखेर ‘मी माणूस’ म्हणतो. ही सर्व उत्तरे खोटी. संस्कारांचे वेढे सुटल्यावर ‘मी ईश्वर’ हे खरे उत्तर सापडते. म्हणजे आपल्यातील दुभंग हा मुळात आपला नव्हेच. देवाने स्वतःविषयी केलेल्या गैरसमजाची ती एक पायरी. वेदान्त आणि सूफी परिभाषा यांची सांगड घालून हे सारे तक्त्यांनिशी मांडले आहे. तक्ते पाहून बुद्धी थक्क होते, मन मात्र कोरडे राहते. याच जिल्ह्यातील नेवाशाशी ज्यांचे नाव कायमचे जोडले गेले त्या ज्ञानेश्वरांनीही ‘अमृतानुभवा’त एकाचेच दोन झालेले दाखविले, पण तेथे ते दोन शिव-शक्तीच्या जोडप्यासारखे एकमेकांवर प्रेम करतात. ‘गॉड स्पीक्स’मध्ये प्रेमाचा निर्वाळा पुष्कळ आहे, पण त्याची ऊब या वाक्यरचनेत उतरत नाही.

‘डिस्कोर्सेस’ची गोष्ट निराळी. ही प्रवचने नगरहून निघणाऱ्या ‘मेहेरबाबा जर्नल’मध्ये १९३८ पासून येत गेली व त्यांचे संपादन तत्त्वज्ञानाचे अभ्यासक डॉ. सी. डी. देशमुख यांनी केले. (रिझर्व्ह बँकेचे चिंतामणराव ते वेगळे.) त्यांतील अहंकारावरील प्रकरण आम्हांला सर्वांत मोलाचे वाटते. विस्कळीत अनुभवांना एकत्र बांधणारे काही तरी केंद्र हवे, म्हणून अहंकार जन्मतो. तो निव्वळ दुष्ट नव्हे. परंतु खोट्या केंद्राभोवती बांधलेले मन सतत आपल्याशीच झगडत राहते. अहंकार हिमनगासारखा आहे, त्याचा मोठा भाग दिसतच नाही. एका दाराने घालविला की तो दुसऱ्या दाराने शिरतो, त्यागाचाही घास करून पुष्ट होतो. धर्मग्रामाच्या समितीवर दोन वर्षे काढलेल्या कोणालाही याचा दाखला शोधावा लागणार नाही.

येथवर संत पौलाचे वाचक या प्रवचनांशी सहमत होत जातील. रोमकरांस पत्राच्या सातव्या अध्यायातील तो कासावीस माणूसही दुभंगलेला आहे. पण त्याची तक्रार ‘मी कोण हे मला कळत नाही’ अशी नाही. चांगले काय ते त्याला कळते, आणि हातून घडते भलतेच. संत अगस्तीनने आपल्या ‘कबुलीजबाबा’च्या आठव्या भागात हीच इच्छेची फूट उघडी केली. अज्ञान ज्ञानाने फिटते. इच्छेची फूट मात्र कोणी तरी क्षमा केल्यावाचून सांधत नाही, आणि क्षमेला दुसरा कोणी तरी लागतो. जेथे शेवटी ‘मी’खेरीज कोणी उरतच नाही, तेथे अपराध कोणाचा व कोणापुढे? आमच्या मते या तत्त्वज्ञानाची खरी अडचण ही आहे; पुनर्जन्माचा वाद त्यामानाने दुय्यम.

आणि नवल असे की, ती अडचण बाबांनीच उघडी केली. ‘गॉड स्पीक्स’च्या तीन वर्षे आधी, १९५२ साली, त्यांनी पश्चात्तापाची एक प्रार्थना दिली. तीत विचाराने, शब्दाने व कृतीने झालेली पापे एकेक करून मोजली आहेत : खोटे बोलणे, दांभिकपणा, न पाळलेली वचने, पाठीमागे केलेली निंदा, दुसऱ्याचे वाईट व्हावे ही इच्छा. शेवटी परम दयाळू देवाजवळ क्षमा मागितली आहे. मिस्साच्या आरंभी पापकबुली म्हणणाऱ्यांना ही भाषा ओळखीची वाटेल. ती शाळेतून आली, असे म्हणण्याची घाई आम्ही करणार नाही. सुविचार, सुवचन, सुकृती ही त्रयी व ‘पतेत’ ही पश्चात्तापाची प्रार्थना जरथुष्ट्री घरात पूर्वापार आहे. अनुयायी म्हणतील की ही प्रार्थना वाटेवरच्या साधकांसाठी आहे, मुक्कामासाठी नव्हे. तसे असेल, पण तिच्यात क्षमा मागणारा आणि क्षमा करणारा असे दोघे आहेत, आणि ती वाचताना ‘गॉड स्पीक्स’चा एकही तक्ता आम्हांला आठवला नाही.